बर्फावरचा ठेका

माहूरच्या रेणुकेचा गोंधळ घालणाऱ्याचे पाय नीट पाहिले तर लक्षात येते की तो हवेत उडत नाही, जमिनीवर भार टाकतो. कमरेला बांधलेल्या संबळावर काठ्या पडतात, तुणतुण्याची तार झणकते, दिवटीचा उजेड हलतो आणि गुडघा किंचित वाकवून तो पाऊल आपटतो. देवळाची फरशी असो की सारवलेले अंगण, जमीन त्या पावलाला उलटा रेटा देते आणि त्या रेट्यावर दुसरे पाऊल उचलले जाते. किनवट-माहूरच्या डोंगरपट्ट्यातल्या गोंड आणि कोलाम वस्त्यांवरचा ढेमसा घ्या, फडावरची लावणी घ्या, कथकचा तत्कार घ्या, व्यवहार हाच. पायाने मागायचे, जमिनीने द्यायचे. घुंगरू म्हणजे त्या व्यवहाराची पावती.

बर्फावर हा व्यवहार बंद पडतो. तिथे पाऊल आपटले तर पाते एकतर रुतते, नाहीतर निसटते. दोन्हीचा शेवट एकच, नाचणारा आडवा. मग संगीताचा ठेका शरीरात शिरणार कुठून? हा प्रश्न सोडवण्यात काही मुलामुलींचे सगळे बालपण आणि निम्मे तारुण्य जाते. त्या खेळाचे नाव आइस डान्सिंग. मराठी वाचकाने त्यात लक्ष घालावे याला एक खास कारण आहे. २१ फेब्रुवारी २०१० रोजी व्हँकुव्हरच्या हिवाळी ऑलिंपिकमध्ये अमेरिकेच्या एका जोडीने मुंबईत तयार झालेल्या हिंदी चित्रपटगीतांवर नाच केला. त्यातल्या एका गाण्यावर मूळ पडद्यावर आपली माधुरी दीक्षित नाचली होती. जमिनीच्या जोरावर उभा असलेला नाच जमीन काढून घेतल्यावर किती उरतो, याचा इतका चोख प्रयोग मला दुसरा माहीत नाही.

आधी पात्याविषयी. फिगर स्केटिंगच्या बुटाखालचे पोलादी पाते साधारण चार मिलिमीटर जाड असते. ते सुरीसारखे एका धारेचे असेल असे आपल्याला वाटते, पण तसे नसते. त्याच्या तळाला लांबीभर पन्हळीसारखी खोलगट खाच कोरलेली असते, आणि खाचेच्या दोन बाजूंना दोन कडा उरतात: एक आतल्या अंगाची, एक बाहेरच्या. शरीर ज्या बाजूला झुकेल ती कड बर्फात बसते आणि स्केटर वळणदार रेषेत जातो. दोन्ही कडांवर सपाट उभे राहून सरळ रेषेत घसरणे हे नवशिक्याचे लक्षण. परीक्षक त्याचे गुण कापतात. पुढे आणि मागे, आतली कड आणि बाहेरची कड, डावा पाय आणि उजवा पाय, अशा आठ प्रकारांनी बर्फावर रेघ उमटते. या आठ रेघा एकमेकींत कशा मिसळायच्या, एका कडेवरून दुसरीवर वळताना गती कशी मोडू द्यायची नाही, एवढ्यावर हा खेळ उभा आहे. आइस डान्सवाल्यांचे पाते टाचेकडे इतरांपेक्षा आखूड असते, कारण दोघांचे पाय एकमेकांच्या इतके जवळ असतात की लांब टाच जोडीदाराच्या पात्यात अडकेल. बर्फसुद्धा हॉकीच्या बर्फापेक्षा थोडा मऊ हवा. उणे तीन-चार अंश सेल्सियसच्या आसपास ठेवला की कड त्यात नीट बसते.

आता ठेका. पाऊल आपटता येत नसेल तर दाबता येते. गुडघा खोल वाकवला की कडेवरचा भार वाढतो, पाते बर्फात जरा जास्त रुतते, आणि गुडघा सरळ करताना तोच बर्फ स्केटरला पुढे ढकलतो. म्हणजे रेटा मिळतो, पण तो खालून वर न येता तिरका येतो, आणि थोड्या उशिराने येतो. गोंधळ्याची थाप आणि संबळाची थाप एकाच क्षणी पडतात. बर्फावर तसे केले तर हालचाल तालाच्या मागे पडलेली दिसते, म्हणून गुडघा थोडा आधी वाकवावा लागतो. शिकाऊ जोड्यांचे चित्रीकरण आवाज बंद करून पाहा आणि मग आवाज चालू करून पाहा. हा उशीर लगेच कळतो. चांगल्या जोडीचा गुडघा तालाच्या आधी विचार करतो. हे शिकायला वर्षे लागतात, आणि कोवळ्या वयात शिकले तरच अंगवळणी पडते.

फिगर स्केटिंगमध्ये दोघांनी मिळून करायचे दोन प्रकार आहेत, आणि दूरचित्रवाणीवर पाहताना त्यांची गल्लत होते. जोडी-स्केटिंगमध्ये पुरुष स्त्रीला डोक्यावर उचलतो, हवेत भिरकावतो, दोघे उंच उड्या मारतात. आइस डान्समध्ये हे चालत नाही. उचलणे आहे, पण ते कमी उंचीचे आणि मोजून काही सेकंदांचे. मोठ्या उड्या नाहीत. दोघांनी एकमेकांपासून फार दूर जायचे नाही, आणि संगीताची लय पायांतून दिसली पाहिजे. कसरतीची सवय असलेल्या प्रेक्षकाला यामुळे हा प्रकार मिळमिळीत वाटतो. पण अवघडपणा लपवणे हीच इथली अट. एका पायावर गरगर फिरत पुढे सरकण्याच्या ‘ट्विझल’ नावाच्या हालचालीत दोघे शेजारी-शेजारी, एकाच वेगाने, एकाच क्षणी सुरू होऊन एकाच क्षणी थांबतात. एकाची एक गिरकी जरी मागे राहिली तरी ती लपत नाही.

जागतिक स्पर्धेत आइस डान्स १९५२ पासून आहे. ऑलिंपिकमध्ये यायला त्याला १९७६ चे इन्सब्रुक उजाडावे लागले. पहिले सुवर्ण सोव्हिएत संघाच्या ल्युडमिला पाखोमोव्हा आणि अलेक्झांडर गोर्श्कोव्ह यांना मिळाले. पण या खेळाला घराघरांत नेले ते इंग्लंडमधल्या नॉटिंगहॅमच्या जोडीने. जेन टॉर्व्हिल विमा कंपनीत कारकून होती, ख्रिस्तोफर डीन पोलीस शिपाई. नोकरी सांभाळून सराव चालला होता. पुढे नॉटिंगहॅमच्या नगर परिषदेने अनुदान दिले तेव्हा दोघांना पूर्ण वेळ बर्फावर घालवता आला. १४ फेब्रुवारी १९८४ रोजी सारायेव्होत त्यांनी राव्हेलच्या ‘बोलेरो’वर जो नाच केला, त्याच्या कलात्मकतेसाठी नऊच्या नऊ परीक्षकांनी सहापैकी सहा गुण दिले. या नाचाची सुरुवात दोघे बर्फावर गुडघे टेकून करतात. पाहणाऱ्याला ते भावनेपोटी केलेले वाटते. खरे कारण हिशेबी आहे. संगीत कितीही छाटले तरी नियमातल्या वेळेपेक्षा थोडे जास्तच उरत होते, आणि नियम असा होता की घड्याळ सुरू होते ते पाते बर्फाला लागून स्केटिंग सुरू झाल्यावर. म्हणून पहिले काही सेकंद दोघे गुडघ्यांवरच डोलत राहिले. नियमातली फट शोधून तिचेच सौंदर्य करणे ही मला त्या कार्यक्रमातली सर्वांत मोठी करामत वाटते.

आता मिशिगनकडे, व्हँकुव्हरच्या त्या अमेरिकी जोडीकडे. मेरिल डेव्हिस आणि चार्ली व्हाइट या दोघांचा जन्म १९८७ चा, ती जानेवारीतली आणि तो ऑक्टोबरातला. डेट्रॉइटच्या उपनगरांत दोघे वाढले. १९९७ मध्ये प्रशिक्षकाने त्यांची जोडी लावली. हा शब्दप्रयोग आपल्याकडे दुसऱ्या अर्थाने करतात, पण या खेळातही तो तितकाच गंभीर आहे. उंचीचे प्रमाण, पायांची लांबी, गती, स्वभाव, दोन्ही घरांची ऐपत आणि दोन्ही घरांचा धीर, सगळे जुळावे लागते. बहुतेक जोड्या दोन-तीन वर्षांत मोडतात. कुणाची उंची अचानक वाढते, कुणाला दुखापत होते, कुणाच्या वडिलांची बदली होते. मुलगे कमी आणि मुली पुष्कळ, त्यामुळे एक चांगला मुलगा मोकळा झाला की त्याच्यासाठी देशोदेशींहून मुली चाचणीला येतात. मेरिल-चार्लीची जोडी टिकली ती सतरा वर्षे. सुरुवातीला मेरिल इतकी लाजरी होती, की तिने जोडीदाराच्या तोंडाकडे पाहावे म्हणून त्याच्या कपाळावर स्टिकर चिकटवत, असे सांगतात. हे लक्षात ठेवण्यासारखे आहे, कारण पुढे याच मुलीला जो भारतीय नाच करायचा होता, त्यात नजरेलाच सर्वांत जास्त काम होते.

तरुण स्पर्धकाची वाटचाल ठरलेल्या पायऱ्यांची असते. आधी ठरावीक नाच पाठ करायचे: वॉल्ट्झ, फॉक्सट्रॉट, टँगो. त्यांच्या रेघा आखून दिलेल्या असतात, कुठल्या ठोक्यावर कुठली कड हे ठरलेले असते, आणि जगातली प्रत्येक जोडी तीच रेघ ओढते. संगीत शिकणाऱ्याने पलटे घोटावेत तसे हे घोटणे वर्षानुवर्षे चालते. मग ज्युनिअर गट, वयाच्या तेराव्या वर्षापासून. सीनिअर गटाचे किमान वय पूर्वी पंधरा होते; आंतरराष्ट्रीय स्केटिंग संघटनेने २०२२ मध्ये ते टप्प्याटप्प्याने सतरावर नेण्याचे ठरवले आणि २०२४-२५ च्या मोसमापासून ते सतरा झाले. कोवळ्या मुलींच्या शरीरांवर आणि मनांवर येणारा ताण हे त्याचे मुख्य कारण होते. आइस डान्सला या बदलाचा फारसा फटका बसला नाही, कारण या प्रकारात माणूस उशिरा पिकतो. उड्यांच्या स्पर्धेत पूर्वी सोळाव्या वर्षी जग जिंकता येत असे. दोघांचा गुडघा एका श्वासात वाकायला विशी उलटावी लागते.

मेरिल आणि चार्लीने २००६ मध्ये जागतिक ज्युनिअर स्पर्धेत कांस्य मिळवले. त्या वेळी सुवर्ण कॅनडाच्या टेसा व्हर्च्यू आणि स्कॉट मॉयर यांना मिळाले. ही दुसरी जोडीही १९९७ चीच. जमली तेव्हा ती सात वर्षांची, तो नऊ. आणि गंमत अशी की या दोन्ही जोड्या सरावाला एकाच ठिकाणी होत्या. मिशिगनमधल्या कँटन गावचा एक रिंक, आणि प्रशिक्षक तेच दोघे: इगोर श्पिलबँड आणि मरिना झुएवा. सकाळी त्याच बर्फावर सराव, संध्याकाळी त्याच व्यायामशाळेत घाम, आणि मोसमाच्या शेवटी जगज्जेतेपदासाठी एकमेकांविरुद्ध उभे राहायचे. दोन पैलवानांना एकाच तालमीत, एकाच वस्तादाने, एकमेकांशीच होणाऱ्या अंतिम कुस्तीसाठी तयार करावे असे हे चालले होते. २००९ च्या जागतिक स्पर्धेत टेसा-स्कॉटला कांस्य मिळाले आणि मेरिल-चार्ली चौथे आले. फरक होता ०.०४ गुणांचा.

एवढ्याशा फरकावर पदक जाते तेव्हा पुढच्या मोसमाच्या संगीताची निवड हा गंभीर निर्णय होतो. त्या काळी आइस डान्सच्या स्पर्धेत तीन भाग असत: ठरीव नाच, विषय दिलेला नाच आणि मुक्त नाच. (२०१० नंतर पहिल्या दोघांचा एक भाग झाला, आणि २०१८ पासून त्याला ‘रिदम डान्स’ म्हणतात.) २००९-१० च्या मोसमाचा विषय होता लोकनृत्य. जगभरच्या जोड्यांनी आपापल्या समजुतीप्रमाणे निवड केली. कुणी फ्लेमेंको घेतला, कुणी रशियन गावनाच, कुणी अमेरिकी ग्रामीण नाच. मेरिल आणि चार्लीसाठी भारत निवडला गेला, आणि भारत म्हणजे हिंदी चित्रपट. ‘बंटी और बबली’मधले ‘कजरा रे’, आणि ‘देवदास’मधली ‘सिलसिला ये चाहत का’ व ‘डोला रे डोला’. शंकर-एहसान-लॉय यांचे संगीत आणि वैभवी मर्चंटचे नृत्यदिग्दर्शन एका बाजूला. इस्माईल दरबारचे संगीत आणि सरोज खानचे नृत्यदिग्दर्शन दुसऱ्या. ‘डोला रे’साठी सरोज खान यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता. पडद्यावर माधुरी आणि ऐश्वर्या.

याला लोकनृत्य म्हणायचे का? आपल्याकडचा कुठलाही अभ्यासक नाही म्हणेल, आणि तो बरोबर असेल. लोकनृत्य म्हणजे गोंधळ. ज्याला घराणे आहे, देवी आहे, यजमान आहे, रात्र आहे. रेणुराई गोंधळी माहूरच्या रेणुकेचे, कदमराई तुळजापूरच्या भवानीचे. एकाचे दुसऱ्यात मिसळत नाही. परभणीच्या राजारामबापू कदमांसारख्यांनी हा नाच रंगमंचावर आणला तरी त्याचे मूळ कुळाचारातच राहिले. चित्रपटातला नाच यातल्या कशालाच बांधलेला नाही. पण माझे मत थोडे वेगळे आहे. नांदेडच्या लग्नाच्या वरातीत लोक कशावर नाचतात ते पाहावे. जे नाचायला कुणाला शिकवावे लागत नाही आणि जे सगळ्यांना येते, ते लोकांचे नाही तर कुणाचे? परीक्षकांनी तरी हरकत घेतली नाही.

निवड करणे सोपे होते. पुढे काय केले ते महत्त्वाचे. ॲन आर्बर या जवळच्या विद्यापीठाच्या गावात अनुजा राजेंद्र भारतीय नाच शिकवत असत. मेरिल आणि चार्ली त्यांच्याकडे गेले, बूट काढून जमिनीवर उभे राहिले आणि शिकले. म्हणजे आधी त्यांनी तो नाच जिथे जन्मतो तिथे, पायांखाली जमीन घेऊन, करून पाहिला. मग तो बर्फावर न्यायचा. इथे मूळ प्रश्न येतो: ‘डोला रे’मधली पायांची थाप काढून टाकली तर उरते काय?

उत्तर त्यांच्या नाचात दिसते. पायातला ठेका काढून तो शरीरात वाटून दिलेला आहे. थोडा गुडघ्याला, थोडा खांद्यांना, थोडा मानेला. हातांच्या मुद्रा ठोक्यावर उमलतात. जिथे माधुरीची टाच जमिनीवर पडते तिथे मेरिलचे मनगट वळते किंवा मान एका बाजूला तुटते, आणि त्याच क्षणी खाली पाते एका कडेवरून दुसरीवर जाते. पायांनी तालाला धरून ठेवण्याऐवजी वळणाचा क्षण ठोक्यावर आणून ठेवला आहे. शिवाय नजर. कपाळावरच्या स्टिकरकडे पाहायला शिकलेली ती मुलगी आता डोळ्यांनी बोलते आहे. हे नक्कल करून येत नाही. नक्कल करणारा दिसेल तेवढे उचलतो, आणि भारतीय नाचात परक्याला आधी दिसतात ते पायच. पाय बाजूला ठेवून बाकीचे उचलायचे, तर कुठला भाग कशाच्या आधाराने उभा आहे हे कुणीतरी समजावून सांगावे लागते.

त्याच मोसमात उलट उदाहरणही घडले. रशियाच्या ओक्साना डोमनिना आणि मॅक्सिम शाबालिन या विश्वविजेत्या जोडीने ऑस्ट्रेलियातल्या मूळनिवासींचा नाच निवडला. अंगाला घट्ट बसणारे सावळ्या रंगाचे कपडे, त्यावर पांढरे पट्टे, पाने. जानेवारी २०१० मध्ये युरोपीय स्पर्धेत तो सादर झाला आणि ऑस्ट्रेलियातल्या मूळनिवासी नेत्यांनी जाहीर निषेध केला. ऑलिंपिकला येईपर्यंत त्यांनी वेशभूषा सौम्य केली, पण नाच तोच राहिला. स्केटर म्हणून ते दोघे उत्तम होते, यात शंका नाही. ठरीव नाचाच्या भागात व्हँकुव्हरला पहिले तेच होते. पण ज्यांचा नाच होता त्यांच्या पायांशी कुणी बसले नव्हते, आणि ते दिसत होते.

विषय दिलेल्या नाचाच्या भागात टेसा-स्कॉटला फ्लेमेंकोवर ६८.४१ गुण मिळाले, मेरिल-चार्लीला ६७.०८, रशियन जोडीला ६२.८४. दुसऱ्या दिवशी मुक्त नाच झाला आणि एकूण गुण झाले अनुक्रमे २२१.५७, २१५.७४ आणि २०७.६४. सुवर्ण कॅनडाला, रौप्य मेरिल-चार्लीला. त्या नाचाचे चित्रीकरण भारतात हातोहात फिरले. ऑलिंपिकच्या हिवाळी खेळांकडे ढुंकूनही न पाहणाऱ्या घरांत लोकांनी ते मोबाइलवर पाहिले. बर्फाशी आपला संबंध गोळ्यापुरता, तरी गाणे ओळखीचे होते. चार वर्षांनी सोचीत मेरिल आणि चार्लीने १९५.५२ गुणांनी सुवर्ण जिंकले. आइस डान्समधले अमेरिकेचे ते पहिले ऑलिंपिक सुवर्ण. टेसा-स्कॉट १९०.९९ वर दुसरे राहिले.

पदकांच्या यादीत न दिसणारा भाग शरीराचा. टेसा व्हर्च्यूच्या पोटऱ्यांमध्ये सतत वेदना होत. स्नायू फुगत, आणि त्यांच्याभोवतीचे आवरण सैल होत नसल्याने आतल्या आत दाब वाढे. गुडघा वाकवून कडेवर भार टाकणे हेच ज्या खेळाचे मर्म, त्याची ही किंमत. ऑक्टोबर २००८ मध्ये शस्त्रक्रिया झाली, २०१० मध्ये पुन्हा करावी लागली. तरी ही जोडी २०१८ पर्यंत टिकली आणि प्योंगचांगला पुन्हा सुवर्ण घेऊन थांबली. पैशांचे म्हणाल तर बर्फाचे भाडे, दोन प्रशिक्षक, नृत्यदिग्दर्शक, बूट-पाती, पोशाख, विमानप्रवास, हे सगळे घरच्यांनाच भरावे लागते. मोठ्या स्पर्धांचे बक्षीस टेनिसच्या तुलनेत चिल्लर. स्पर्धा संपल्यावर पोट भरते ते बर्फावरच्या फिरत्या कार्यक्रमांवर, दूरचित्रवाणीवर आणि शिकवण्यावर. चार्ली व्हाइटने २००६ ची ऑलिंपिक रौप्यविजेती टॅनिथ बेल्बिन हिच्याशी लग्न केले. दोघांनी ग्रेग झुअरलाइन या सहकाऱ्यासह २०२२ मध्ये कँटनमध्येच आइस डान्सची शाळा काढली.

आता आपल्या बाजूने पाहू. माहूरला मे महिन्यात पारा चाळिशी सहज ओलांडतो. गडाभोवती सागाचे जंगल आहे, पैनगंगा आहे; साठ मीटर लांब आणि तीस मीटर रुंद गोठलेला बर्फ नाही. तो भारतातच फारसा नाही. सिमल्याचा उघड्यावरचा रिंक १९२० पासून आहे, पण तो थंडीतले काही आठवडे आणि तेही हवामानाच्या मर्जीने चालतो. लडाखमध्ये तळी गोठतात. गुरुग्रामच्या एका मॉलमध्ये छोटा रिंक आहे. देहरादूनला २०११ च्या दक्षिण आशियाई हिवाळी स्पर्धांसाठी पूर्ण आकाराचा बंदिस्त रिंक बांधला. स्पर्धा झाल्या आणि तो वर्षानुवर्षे बंद पडून राहिला. २०२५ मध्ये तो पुन्हा सुरू झाला आणि त्याच ऑगस्टमध्ये तिथे आशियाई खुली शॉर्ट ट्रॅक स्पर्धा भरली. रिंक बांधणे एकदाचे. बर्फ गोठलेला ठेवण्यासाठी विजेचे बिल रोजचे. बंद पडण्याचे कारण शोधायला समिती नेमण्याची गरज नव्हती.

म्हणून महाराष्ट्रातून बर्फावर जाण्याची वाट चाकांवरून जाते. पुण्याची श्रुती कोतवाल अशीच गेली. लहानपणी चाकांचे स्केट, मग बर्फावरचे वेगाचे स्केटिंग, आणि घरी बर्फ नसल्यामुळे परदेशांत सराव. २०१७ मध्ये सप्पोरोच्या आशियाई हिवाळी स्पर्धांत तिने भारताचे प्रतिनिधित्व केले. चाकांवरच राहिलेल्यांनीही नाव काढले आहे. हांगझोच्या आशियाई स्पर्धांत २ ऑक्टोबर २०२३ रोजी पुरुषांच्या तीन हजार मीटर रिले शर्यतीत भारताला कांस्य मिळाले. त्या चौघांत विक्रम इंगळे आणि सिद्धांत कांबळे हे दोघे महाराष्ट्राचे. हे सगळे वेगाचे खेळ. नाचाचे चाकांवरचे भावंडही आहे. आर्टिस्टिक स्केटिंगमध्ये जोडीने नाचण्याचा प्रकार आहे, तेच वॉल्ट्झ, तेच टँगो, त्याच रेघा. २०१० च्या ग्वांगझो आशियाई स्पर्धांत हैदराबादच्या अनुप कुमार यामाने एकेरीत आणि अवनी पांचाळबरोबर जोडीत कांस्य मिळवले होते. माहूर-किनवटच्या एखाद्या मुलीला या वाटेने जायचे झाले तर नांदेडच्या सिमेंटच्या मैदानावर चार चाकांनी सुरुवात करता येईल. गुडघ्याचा अभ्यास तिथेही तोच. चाकांना कडा नसतात, पण झुकल्यावर वळण मिळते, आणि तालाच्या आधी वाकायची सवय लागते.

मग पुढे काय? जोडीदार. एकेरीत माणूस एकटा लढू शकतो. तामिळ कुटुंबात अमेरिकेत जन्मलेली तारा प्रसाद भारताचे नागरिकत्व घेऊन भारताकडून उतरली आणि २०२५ मध्ये हार्बिनच्या आशियाई हिवाळी स्पर्धांत आठवी आली. आइस डान्समध्ये असे एकट्याचे धाडस पुरत नाही. अमेरिकेत किंवा कॅनडात वाढणाऱ्या मराठी घरातल्या मुलीने उद्या ठरवले की भारताकडून नाचायचे, तर तिला मुलगा हवा, आणि तो बहुधा तिथलाच असणार. आंतरराष्ट्रीय संघटनेचा नियम याला आडवा येत नाही. दोघांपैकी एक त्या देशाचा असला तरी जागतिक स्पर्धेत त्या देशाच्या झेंड्याखाली उतरता येते. ऑलिंपिकचा नियम कडक आहे, तिथे दोघेही नागरिक हवेत. कॅनडात जन्मलेली लॉरेन्स फूर्निए बोद्री डेन्मार्कच्या निकोलाय सोरेनसनबरोबर डेन्मार्ककडून खेळत असे. २०१८ च्या ऑलिंपिकसाठी जोडीने पात्रता मिळवली, पण तिला डेन्मार्कचे नागरिकत्व मिळाले नाही आणि दोघे घरी बसले. पुढे त्यांनी देश बदलला आणि कॅनडाकडून २०२२ चे बीजिंग गाठले.

भारतात ही गाठ आणखी घट्ट आहे. दुहेरी नागरिकत्व आपल्याकडे नाही, आणि परदेशस्थ भारतीयांना मिळणारे कार्ड ऑलिंपिकमध्ये चालत नाही. परदेशी जोडीदाराला भारताचा नागरिक व्हायचे तर कायद्याप्रमाणे जवळजवळ बारा वर्षे भारतात राहावे लागेल. लग्न केले तर सात, पण कड बदलण्यासाठी लग्न करणे जरा जास्तच झाले. आणि सात किंवा बारा वर्षे भारतात राहून रोज सकाळी सराव करायचा, तर त्या दोघांना देहरादूनच्या रिंकचे विजेचे बिल वेळेवर भरले जाते की नाही याच्यावर डोळा ठेवून बसावे लागेल.